नथूच्या घशातला नाका

नथू बऱ्हाटेच्या पोटाला सिल्वासाजवळच्या सामरवरणीत जेवढा मान होता तेवढा सरपंचालाही नव्हता. याच पोटात म्हणे एकदा मशीनचा नट गेला होता. गलोंडा गावातल्या धाग्याच्या कारखान्यात नथू डबा खात बसला असताना वरच्या मशीनमधून नट सुटला आणि थेट आमटीत पडला. नथूनं तो हरभरा समजून गिळला आणि वर तांब्याभर पाणी प्यायला. दुसऱ्या दिवशी मशीन चालेना. मेकॅनिक नट शोधत शोधत घरापर्यंत आला, पण तोवर पोटानं नट विरघळवून टाकलेला. पुढे कधीतरी नथूचं रक्त तपासलं तेव्हा तपासणाऱ्यानं विचारलं, एवढं लोखंड आणलंत कुठून.

ही हकिकत नथू स्वतःच सांगायचा. कधी तो नट असायचा, कधी बेअरिंग, आणि एका गणपतीत तर धाग्याची अख्खी बॉबिन होती. ऐकणाऱ्यांनी कधी हरकत घेतली नाही. यावल तालुक्यातून ऐन तारुण्यात सिल्वासाला आलेला हा माणूस आता साठीला टेकला होता, आणि त्याच्या थापा ऐकत कारखान्यातल्या दोन पिढ्या निवृत्तीला लागल्या होत्या.

अशा पोटात थोडीफार आग असणारच. मिरचीचा ठेचा, रात्रपाळी, गालात तंबाखूची गोळी, आणि जेवलं की लगेच चटईवर आडवं व्हायचं. मुलगा ओंकार शाळेत होता तेव्हापासून नथूच्या छातीत जळजळायचं. त्यावर तो कधी गुलाबी औषधाची बाटली तोंडाला लावायचा, कधी मेडिकलवाल्याकडची गोळी जेवणावर बडीशेपेसारखी टाकायचा. आणि सांगायचा काय, तर एकदा ढेकर दिला आणि समोरच्या कॅलेंडरवरचा महिना जळाला.

मग गेल्या दिवाळीच्या सुमाराला जळजळ आपोआप कमी झाली. नथूनं जाहीर केलं की आग शरण आली. शरण आली खरी, पण जाताना घसा आवळून गेली. भाकरीचा घास छातीच्या मधोमध जाऊन थांबायला लागला. आधी आठवड्यातून एखादा, मग रोज, मग प्रत्येक.

हे त्यानं कोणापासून लपवलं म्हणावं, तर तसंही नाही. त्यानं सगळ्यांना सांगितलं. फक्त आपल्या पद्धतीनं सांगितलं, त्यामुळे कोणाला कळलं नाही.

झालं असं की कारखान्याच्या फाटकासमोरच्या टपरीवर नवनाथनं एकदा विचारलंच. नवनाथ म्हणजे शेजारच्या मशीनवरचा, धुळ्याकडचा गडी आणि नथूच्या प्रत्येक थापेचं पहिलं गिऱ्हाईक.

"नथूदादा, हल्ली वडापाव चहात बुडवून खाता. दात गेले का?"

"दात जागेवर हायेत भो. घशात नाका बसलाय."

"कसला नाका?"

"आपल्या वापीच्या वाटेवर हद्दीला बसतो न, तसा. फक्त तिथं ओला माल अडवतात आन् कोरडा सोडतात. माझ्या घशातला हवालदार उलट्या डोक्याचा. भाकरी आली का म्हनतो थांब, डिक्की उघड. आन् आमटी, ताक, चहा आला का सलाम ठोकतो."

"मग हप्ता द्या त्याला."

"देतो न. घासामागं एक घोट पानी. तरी मेला पावती मागतो."

टपरी हसून हसून वाकली. गुजरातेत दारू बंद आणि सिल्वासात खुली, त्यामुळे हद्दीवर पिशव्या तपासल्या जातात हे तिथं बाळालाही ठाऊक. नाक्याची गोष्ट संध्याकाळपर्यंत साऱ्या पाळ्यांत फिरली. लोक रस्त्यात थांबवून विचारायचे, "काय नथूदादा, आज नाका चालू का बंद?" नथूही रोज नवीन भर घालायचा. पण घरी भिंतीकडे तोंड करून जेवताना, छातीत घास रुतला आणि डोळ्यांत पाणी आलं, की त्याला स्वतःला काही हसू यायचं नाही. कमरेच्या पट्ट्याला त्यानं खिळा तापवून एक भोक वाढवलं होतं. कोणी विचारलंच तर पट्टा उन्हानं वाढला, असं सांगायची तयारी होती.

पुढचं सगळं झालं ते सुनेच्या निमित्तानं.

सून कावेरी एका प्लास्टिकच्या कंपनीत पॅकिंगला होती. नुकतीच रात्रपाळी लागली होती, आणि पाळीत जाग राहावी म्हणून तिखट शेव आणि चहा असा तिचा आहार होता. दोन-तीन आठवडे छातीत जळजळलं. नेमकं त्याच वेळी कंपनीत कुठल्याशा खाजगी दवाखान्याचं शिबिर झालं. तिथं जळजळ म्हणणाऱ्या प्रत्येकाला एकच सांगत होते, पोटाची दुर्बीण करून घ्या, पॅकेज आहे. कावेरी घाबरली. चिमाबाई, म्हणजे नथूची बायको, म्हणाली, "पॅकेज सहलीचं असतं. घशाचं कसलं? आधी सरकारी दवाखान्यात विचारून या." ओंकारला सुट्टी नव्हती, म्हणून सोबतीला नथू गेला.

दवाखान्यातल्या डॉक्टर सुजाता नाशिकच्या. त्या हळू बोलतात असं कोणी म्हणणार नाही. त्यांनी कावेरीला एका दमात विचारून घेतलं. घास अडकतो का, वजन उतरलं का, सारख्या उलट्या होतात का, उलटीत रक्त, शौचाला डांबरासारखं काळं, कधी कोणी रक्त कमी आहे म्हणालं का. कावेरी प्रत्येकाला मान हलवून नाही म्हणाली.

"मग दुर्बीण नको."

"पण शिबिरात तर म्हणाले..."

"म्हणू देत. रोज सकाळी उपाशीपोटी ही गोळी घे, नाष्ट्याच्या अर्धा तास आधी. जेवल्यावर घेतलीस तर निम्मी वाया. पाळीवरून येऊन खाल्लंस की लगेच झोपू नको. दोन महिने नीट घे. तरी जळजळ तशीच राहिली तर ये, तेव्हा बघू आत काय आहे ते. जळजळणाऱ्या प्रत्येकाच्या घशात मी दुर्बीण घालत बसले तर ज्याला खरी गरज आहे त्याचा नंबर दिवाळीत लागेल."

नथू खूश झाला. काही न करता सोडणारा डॉक्टर त्यानं जन्मात पाहिला नव्हता. एवढ्या चांगल्या बाईला रिकाम्या हातानं कसं सोडायचं, म्हणून त्यानं आपल्याजवळची सगळ्यात चालती गोष्ट तिला नजर केली. नाका, हवालदार, डिक्की, पावती, सगळं. कावेरी तोंडावर ओढणी धरून हसली. डॉक्टरही आधी हसल्या. मग त्यांचं पेन थांबलं.

"काका, हे परत सांगा."

नथूला आयुष्यात यापेक्षा गोड शब्द कोणी ऐकवले नव्हते. त्यानं परत सांगितलं आणि या वेळी नाक्यावर एक कुत्राही बसवला.

"कुत्रा राहू द्या. कोरडंच अडतं? पाणी सरळ जातं?"

"सलाम ठोकून."

"कधीपासून?"

"दिवाळीपासून."

"त्याआधी जळजळ? किती वर्षं?"

"पोरगा शाळेत होता तवापासून. पन आता गेली न मॅडम. आपल्यापुढं टिकली नाही."

"तंबाखू?"

याचं उत्तर कावेरीनं दिलं. डॉक्टरांची नजर मग नथूच्या पोटावरून पट्ट्यावर गेली आणि त्या नव्या भोकाशी थांबली.

"गुरुवारी सकाळी उपाशी या. दुर्बीण तुम्हाला घालायची आहे."

"मॅडम, पेशंट ही हाये."

"हिला सोडलं."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. नथूनं खुर्ची मागं सरकवली. "मी सोबत आलोय. सोबत आलेल्याच्या घशात नळी घालायचा कायदा कुठल्या सरकारचा?"

"ओरडू नका, बसा. जळजळ गेली म्हणजे अन्ननलिका बरी झाली असं नसतं. वर्षानुवर्षं आम्ल वर येऊन व्रण पडतात आणि नळी आवळते. कधी आतलं अस्तरच बदलून जातं, मग जळायचंही कमी होतं. कधी गाठ असते. यातलं तुमच्यात काय आहे ते मला बाहेरून दिसत नाही. तुम्ही पन्नाशी ओलांडलेले, पोट सुटलेलं, तंबाखू, इतक्या वर्षांची जळजळ. घास अडकत नसता तरी एकदा बघून घ्या म्हटलं असतं. आता तर अडकतोय आणि वजनही उतरलंय. आणि ऐका, घास अडकून थुंकीसुद्धा आत जाईना झाली, तर गुरुवारची वाट बघायची नाही, तसेच इकडे यायचं."

"नाही येनार," नथू म्हणाला, आणि रुबाबात बाहेर पडला. रुबाबाच्या भरात चुकीच्या दारानं गेला आणि औषधांच्या रांगेतून परत आला, पण मान ताठ होती.

वाटेत त्यानं कावेरीकडून वचन घेतलं. "घरी एक शब्द बोलायचा नाही, सूनबाई."

"नाही मामा." त्यांच्याकडे सासऱ्याला मामा म्हणायची रीत. कावेरीनं वचन पाळलं ते घराच्या पायरीपर्यंत. चपला काढायच्या आत चिमाबाईला सगळं कळलेलं होतं.

चिमाबाई तांदूळ निवडत होती. ती ओरडली नाही. ताट बाजूला ठेवून नुसती म्हणाली, "म्हंजे ते नाक्याचं खरं होतं?"

नथू चपला सरळ लावत बसला.

"रोज म्हनत होते, आमटी वाढ, अजून वाढ. भाकरी कुस्करून काला करून खात होते. मले वाटलं, म्हातारपनी का होईना माझ्या हाताची आमटी आवडायला लागली यांना. मी खुळी, रोज पातेलं मोठं करत गेली."

हे नथूला डॉक्टरच्या बोलण्यापेक्षा जास्त लागलं. पण लागलं म्हणून माघार घेईल तर तो नथू कसला. "अरविंदचं काय झालं ठाऊक हाये न?" तो म्हणाला.

अरविंद त्याच्याच मशीनवरचा जोडीदार होता. त्यालाही घास अडकायचा. दुर्बीण केली, गाठ निघाली, आणि पावसाळा संपायच्या आत तो गेला. नथूनं त्यातून आपला हिशेब काढला होता. नळी घातली म्हणून सापडलं. घातली नसती तर सापडलं नसतं.

"नळीनं मेला का तो?" चिमाबाईनं विचारलं. "पानीसुद्धा उतरेना तवा गेला दवाखान्यात. त्याची बायको मंगला अजून मले सांगते, महिनेच्या महिने दडवून ठेवलं म्हने. तुम्ही दिवाळीपासून गोष्टी सांगून दडवलं, एवढाच फरक."

"गुरुवारी मी जानार नाही. रविवारी भरीत हाये, त्याआधी घशात नळी नको."

भरीत म्हणजे लहान गोष्ट नव्हती. दर हिवाळ्यात सिल्वासातली खानदेशी मंडळी सुरंगीकडच्या एका ओळखीच्या शेतात जमायची. भरताची हिरवी लांबोडी वांगी जळगावकडून गाडीनं यायची. भाजायला कपाशीच्या वाळक्या पऱ्हाट्यासुद्धा तिकडूनच, कारण इकडच्या लाकडावर भाजलेल्या वांग्याला भरीत म्हणायला कोणी तयार नसे. मोठ्या काठवटीत हिरवी मिरची, लसूण आणि वांगी ठेचली जायची, त्यात कांद्याची पात, शेंगदाणे, खोबऱ्याचे काप. सोबत कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाची भाकरी. सगळ्यांची पानं वाढून झाली तरी कोणी हात लावायचा नाही. पहिला घास नथूचा. त्यानं खायचं, डोळे मिटायचे आणि म्हणायचं, "जमलं." मगच बाकीच्यांचे हात पानावर. ही रीत कोणी घातली ते आठवत नव्हतं. म्हणजे नथूनंच घातली असणार.

"जा," चिमाबाई म्हणाली. "समद्यांसमोर पहिला घास खाऊन दाखवा. उतरला तर मी दुर्बिणीचं नाव काढनार नाही. नाही उतरला तर माझं ऐकायचं."

"उतरेल. हे पोट नट पचवून बसलंय."

"नट घशातून गेला तर पचवेल न पोट."

गुरुवार आला आणि गेला. नथू डबा घेऊन उजाडायच्या आतच कारखान्यात जाऊन बसला.

रविवारी शेतात धूर चढला. वांग्यांची सालं तडतडली, ठेच्याच्या वासानं पोरं शिंकली, आणि केळीच्या पानांच्या रांगा लागल्या. नथू मधोमध मांडी घालून बसला. समोर भरीत, त्याच्यावर तेलाची धार, बाजूला चांगली जाड भाकरी. बायकांच्या रांगेतून चिमाबाई बघत होती. तिनं त्याच्या पानाजवळचा पाण्याचा पेला उचलून आपल्याकडे नेऊन ठेवला होता. हप्ता बंद.

नथूनं मोठा घास मोडला. उगाच मोठा. सगळ्यांना दिसेल असा उंच धरला, तोंडात टाकला, चार वेळा चावला आणि गिळला.

घास छातीच्या मधोमध गेला आणि उभा राहिला.

नथूनं डोळे मिटले. लोकांना वाटलं, चव घेतोय. त्यानं परत गिळलं. थुंकी घासावर जाऊन बसली आणि तिथंच थांबली. त्यानं हात वर केला. लोकांना वाटलं, गोष्ट सुरू होणार. छातीत कोणी मूठ आवळून धरावी तसं दुखायला लागलं. तो उठून उभा राहिला, छाती चोळली, दोन पावलं चालला.

"नाका लागला रे," नवनाथ आनंदानं म्हणाला. "बघा, डिक्की उघडायला लावली."

सगळं शेत हसलं. नथूच्या ओठाच्या कडेनं लाळ ओघळत होती, डोळे लाल झाले होते, आणि समोर ओळखीची एवढी माणसं मांड्या थोपटत होती. कोणीतरी म्हणालं, काय नट आहे माणूस. कोणी म्हणालं, शिट्टी वाजवा, हवालदार येईल. नथू बोलायचा प्रयत्न करत होता. जन्मभर ज्या तोंडानं अख्खा कारखाना हसवला, त्या तोंडातून एक अक्षर निघेना.

हसली नाही फक्त चिमाबाई. ती पानं ओलांडत आली, त्याला बांधाकडे नेलं, पुढं वाकवलं. "गाडी काढा, दवाखान्यात नेऊ," असं ती म्हणतेय तोच घास गेला तसा वर येऊन बाहेर पडला. नथू गुडघ्यांवर बसून धापा टाकत राहिला. चिमाबाईनं पदरानं त्याचं तोंड पुसलं आणि पैजेबद्दल काही बोलली नाही. तिनं बोलायला हवं होतं, असं नथूला वाटलं. बोलली असती तर भांडता आलं असतं.

तो परत रांगेपाशी आला. लोक अजून हसत होते.

"अडकला," तो साध्या आवाजात म्हणाला.

"नाक्यावर?" नवनाथनं विचारलं.

"घशात. खरंच अडकला."

आणखी मोठा हशा. नवनाथ तर डोळे पुसायला लागला. "नथूदादा, यंदाची सगळ्यात भारी झाली ही."

नथू त्यांच्याकडे बघत राहिला. डॉक्टरवर त्याला राग आला होता, बायकोवर आला होता, पण हा राग वेगळा होता. तो समोर मेला तरी ही मंडळी हसत हसत टाळ्या वाजवतील, आणि तिरडीवरही विचारतील, आज नाका चालू का बंद. त्याच्या डोक्यात काहीतरी फिरलं. या लोकांच्या हशात मरायचं नाही, असं त्यानं तिथल्या तिथं ठरवलं. मरायचंच असेल तर त्या नाशिकच्या बाईशी भांडून मरू.

"भरीत खा तुम्ही," तो म्हणाला. "जमलं का नाही ते मी सांगनार नाही. मले कळलंच नाही."

आणि चिमाबाईला घेऊन तो निघाला. असं म्हणतात की त्या दिवशी भरीत गार होईपर्यंत कोणी हात लावला नाही. आता हे खरं असेलच असं नाही, पण निदान नवनाथनं तरी लावला नाही.

सोमवारी सकाळी उपाशीपोटी नथू डॉक्टर सुजातांच्या दारात उभा होता. "गुरुवारी नाही आलो," तो म्हणाला. "आज आलोय. कोनी बोलावलं म्हनून नाही, माझा मी आलोय."

"बरं," डॉक्टर म्हणाल्या. "झोपेचं इंजेक्शन देऊ का? काही कळणार नाही."

"झोपवून नको. माझ्या घरात कोन शिरतंय ते मले पाहू द्या."

घशात फवारा मारला, तशी जीभ दुसऱ्या कोणाची असल्यासारखी झाली. त्याला डाव्या कुशीवर निजवलं, दातांमध्ये एक कडं बसवलं, आणि काळी लवचिक नळी आत सरकली. नथूला ओकाऱ्या आल्या, डोळ्यांतून धारा लागल्या, दोन्ही हातांनी त्यानं पलंगाची दांडी पिळली, पण नळीला हात लावला नाही. समोरच्या पडद्यावर गुलाबी बोगदा दिसत होता. एवढी वर्षं या बोगद्याबद्दल तो काय काय सांगत आला होता, आणि आज सांगायची वेळ आली तर तोंडात कडं.

"हा बघा तुमचा नाका," डॉक्टर म्हणाल्या.

बोगद्याच्या तळाशी पांढरट वळकटी आवळून बसली होती, मध्ये बोरूएवढं भोक. तिच्या वरच्या बाजूला लालसर रंगाची जीभ पसरली होती, बाकीच्या गुलाबीत न मिसळणारी. हवालदार नव्हता, कुत्रा नव्हता. नथूला ते भोक बघून लाज वाटली, कुठल्या परक्या माणसाला उघडं पाहिल्यासारखी. डॉक्टरांनी नळीतूनच बारीक चिमटा घालून तुकडे घेतले. ते दुखलं नाही.

"आवळलंय ते जुन्या व्रणांनी, असं दिसतंय," नंतर त्या म्हणाल्या. "पण दिसण्यावर मी जात नाही. तुकड्यांचा रिपोर्ट येऊ दे. तोवर पातळ खा, आणि गोळी उपाशीपोटी."

रिपोर्ट येईपर्यंतचे दिवस नथूनं कसे काढले हे त्यालाच ठाऊक. टपरीवर तो जायचा, चहा प्यायचा, आणि कोणी विचारलं तर म्हणायचा, "दुर्बीण केली. तुकडे तपासायला गेलेत. अजून कळलं नाही." एवढंच. नवनाथ वाट बघायचा, आता पुढं काहीतरी येईल म्हणून. काही यायचं नाही. तिसऱ्या खेपेला नवनाथचं हसू आपोआप मावळलं आणि त्यानं पहिल्यांदाच नथूचा चहा फुंकून गार करून दिला.

घरी आमटी पिताना नथू बायकोला म्हणाला, "अरविंदसारखं निघालं तर?"

"तर काय? लवकर सापडलं म्हनू आन् लढू," चिमाबाई म्हणाली. "मले भ्या दाखवू नका. तुमच्यासंगं एवढी वर्षं काढली, मी कशाले भिनार?"

"आमटी चांगली झाली."

"आता खोटं बोलायची गरज नाही."

"खरंच चांगली झाली," नथू म्हणाला, आणि खरं बोलून विश्वास बसत नाही ही शिक्षा जन्मभर पुरणार, हे त्याच्या लक्षात आलं.

रिपोर्ट घ्यायला दोघंही गेली. डॉक्टरांनी कागद वाचला आणि नथूनं विचारायच्या आत सांगितलं, "कॅन्सर नाही." चिमाबाई भिंतीला टेकली. तिला भीती वाटत नव्हती, असं ती अजून सांगते. व्रणांनी आवळलेलं होतं, आणि ती लालसर जीभ म्हणजे आम्लानं बदललेलं अस्तर. आज त्यात वाईट काही नाही, पण पुढे बिघडू शकतं, म्हणून गोळी कायम आणि काही वर्षांनी परत बघायचं. आवळलेलं ते फुग्यानं रुंद करता येतं, एकदा, कदाचित परत एकदा.

"परत नळी?" नथू गुरगुरला. "तुम्हाला माझं घर फारच आवडलं."

"तंबाखू सोडा, म्हणजे लवकर येणार नाही."

तंबाखू सुटली असं नथू सांगतो. चिमाबाईचं मत वेगळं आहे.

शिमग्याआधी हंगामाचं शेवटचं भरीत झालं. तोवर नळीत फुगा जाऊन आला होता आणि नथूच्या छातीतून घास उतरायला लागला होता. वांगी जरा बियाळ झालेली, तरी सुरंगीच्या शेतात मंडळी जमली. मागच्या खेपेची लाज सगळ्यांच्या तोंडावर होती. पानाशी बसता बसता नवनाथनं हळूच विचारलं, "नथूदादा, मलाही जळजळतं अधूनमधून. दुर्बीण करून घेऊ का?"

"घास अडकतो?"

"नाही."

"वजन?"

"वाढलंय."

"मग आधी दवाखान्यात जाऊन नीट गोळी घे, आन् जेवल्यावर पसरू नको. गोळी घेऊन बी राहिलं, का घास अडायला लागला, तर दडवू नको. प्रत्येक गाडीची डिक्की उघडत नाहीत भो. डॉक्टरीनबाईनं माझ्या सुनेची उघडली नाही."

पानं वाढून झाली. सगळे हात मांडीवर. नथूनं घास मोडला, या वेळी लहान. चिमाबाईनं त्याचा पाण्याचा पेला त्याच्या पानाजवळच ठेवला होता. त्यानं तो हातानं दूर सारला. घास तोंडात टाकला आणि चावायला लागला. डॉक्टरनं सांगितलं होतं, सावकाश खा, बारीक चावून खा. नथू चावत राहिला. धूर विरला. भरितावरच्या तेलाची चमक गेली. पोरं चुळबुळायला लागली. नथूच्या जबड्याची चक्की चालूच.

"दादा, गार होतंय," नवनाथ म्हणाला.

नथूनं एक बोट वर केलं. थांब. त्यानं डावीकडच्या रांगेकडे पाहिलं, मग उजवीकडच्या. मागच्या भरिताला ज्यानं शिट्टी वाजवा म्हटलं होतं, त्याच्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं. तो पानाकडे बघायला लागला. मग नथूनं गिळलं. छातीपाशी सगळ्यांची नजर. घास कुठं थांबला नाही, कोणी अडवला नाही, सरळ खाली गेला. नथूला तो जाताना कळला.

तरी तो बोलला नाही. दुसरा घास मोडला, तसाच लहान, आणि चावायला घेतला.

"अहो, आता तरी बोला," बायकांच्या रांगेतून चिमाबाई म्हणाली.

"हसले होते न," नथू घास गालात सरकवून म्हणाला. "बसू दे मग."